थायरॉइड वाढलेला, तरी थायरॉइडची गोळी नको: असे कसे?

भांडुपकर

नमस्कार. माझ्या पत्नीच्या आजाराबद्दल दोन डॉक्टरांची मते अगदी उलट पडली आहेत, म्हणून येथे विचारतो आहे. उपचार येथून ठरवावेत असा हेतू नाही. पुढच्या भेटीत नेमके काय विचारायचे, एवढे कळले तरी पुरे.

तिचे वय ४१, शाळेत शिक्षिका आहे. मध्यंतरी तिला सर्दी-खोकला आणि ताप येऊन गेला. तो बरा झाल्यावर साधारण पंधरवड्याने गळ्याच्या पुढच्या भागात, डाव्या बाजूला दुखू लागले. गिळताना दुखते, मान वळवली की दुखते आणि कळ जबड्यातून थेट कानापर्यंत जाते. अक्कलदाढ असावी असे वाटून आधी दातांच्या डॉक्टरांना दाखवले. दाढेत काही नव्हते. मग घशाचा संसर्ग समजून अँटिबायोटिकचा कोर्स झाला, त्याने काडीचाही फरक पडला नाही. पुढे डावीकडचे दुखणे ओसरले आणि उजवीकडे सुरू झाले. संध्याकाळी बारीक ताप येतो, छातीत धडधडते, घाम फुटतो, फळ्यावर लिहिताना हात कापतो आणि वजनही उतरले आहे.

रक्ततपासणीत टीएसएच (थायरॉइडला कामाला लावणारे, मेंदूकडून येणारे हार्मोन; थायरॉइडचे हार्मोन वाढले की हे घटते) ०.०२ आला (कागदावर सामान्य मर्यादा ०.४ ते ४.२ अशी छापली आहे) आणि फ्री टी-४, म्हणजे थायरॉइडचे हार्मोन, बरेच वाढलेले आहे. आमच्या फॅमिली डॉक्टरांनी ‘हायपरथायरॉइड’ असे निदान करून हार्मोन कमी करण्यासाठी कार्बिमाझोल आणि धडधडीसाठी प्रोप्रानोलॉल लिहून दिले. त्यानंतर एका एंडोक्रायनॉलॉजिस्टना (हार्मोनच्या आजारांच्या तज्ज्ञांना) दाखवले, तर त्यांनी गळा दाबून पाहिला आणि हा ग्रंथीचा दाह आहे, कार्बिमाझोल थांबवा, प्रोप्रानोलॉल चालू ठेवा, ईएसआर (शरीरातला दाह दाखवणारी रक्ततपासणी) करून या, असे सांगितले. दवाखान्यात गर्दी इतकी होती की कारण विचारायला सवडच मिळाली नाही. रक्तात हार्मोन वाढलेले आहे यावर दोघांचेही एकमत आहे. मग ते कमी करणारी गोळी एकाने द्यावी आणि दुसऱ्याने बंद करावी, हे कसे?

आणखी दोन शंका आहेत. आमच्या आईला ही गंडमाळ वाटते, कारण आमच्याच इमारतीतल्या एका मुलाला मानेच्या गाठींचा टीबी झाला होता. आणि दुसरी शंका अशी की घरातले आयोडीनयुक्त मीठ बंद करावे का?

अंतःस्राव

भांडुपकर, मी याच शाखेत काम करतो. रुग्णाला न तपासता निदान करता येत नाही, ते मी करणारही नाही. पण तुमचा प्रश्न तत्त्वाचा आहे आणि त्याचे उत्तर देता येते.

रक्तातले थायरॉइड हार्मोन दोन अगदी वेगळ्या कारणांनी वाढते. पहिल्यात ग्रंथी खरोखरच जास्त हार्मोन तयार करते. याचे नेहमीचे उदाहरण ग्रेव्ह्ज आजाराचे. आयर्लंडमधल्या रॉबर्ट ग्रेव्ह्ज या डॉक्टरांनी १८३५ मध्ये त्याचे वर्णन केले. त्यात शरीर स्वतःच एक प्रतिपिंड (अँटिबॉडी) तयार करते, ते टीएसएचची नक्कल करते आणि ग्रंथीला सतत कामाला जुंपते. दुसऱ्या प्रकारात ग्रंथी जास्त काहीच बनवत नसते. थायरॉइडमधल्या सूक्ष्म पुटिकांमध्ये, म्हणजे बारीक पिशव्यांमध्ये, थायरोग्लोब्युलिन या प्रथिनाला बांधलेला हार्मोनचा साठा असतो, आणि तो दोन-तीन महिने पुरेल एवढा असतो. ग्रंथीला सूज येऊन पुटिका फुटल्या की हा साठा एकदम रक्तात उतरतो. सोसायटीत जिन्यावर पाणी वाहताना दिसले तर पंप चालू राहून टाकी भरून वाहते आहे की टाकीलाच तडा गेला आहे, हे पाहावे लागते. तडा गेलेला असताना पंप बंद करून पाणी थांबत नाही. कार्बिमाझोल हा पंप बंद करतो. ते नवे हार्मोन तयार होण्याची क्रिया रोखते. आधीच तयार होऊन गळत असलेल्या हार्मोनवर त्याचा काहीही परिणाम होत नाही.

म्हणजे दाहामध्ये त्या गोळीचा फायदा शून्य, आणि धोका मात्र तसाच राहतो. क्वचित प्रसंगी कार्बिमाझोलमुळे पांढऱ्या पेशी धोकादायक पातळीपर्यंत घटतात आणि त्याचे पहिले लक्षण असते घसा दुखणे व ताप. तुमच्या पत्नीला ही दोन्ही लक्षणे आजारामुळे आधीपासूनच आहेत. औषधाचा दुष्परिणाम आजाराच्या आडोशाला लपून राहील अशीच ही स्थिती आहे, त्यामुळे एंडोक्रायनॉलॉजिस्टनी ती गोळी का थांबवली असावी हे मला समजते. ती आतापर्यंत घेतली असेल तर पांढऱ्या पेशींची मोजणी एकदा करून घ्यावी. प्रोप्रानोलॉलचे वेगळे आहे. हार्मोन कुठूनही आलेले असो, धडधड आणि कंप त्याने आटोक्यात राहतात. दमा असलेल्यांना मात्र ते देत नाहीत.

तुम्ही केलेले वर्णन सबअक्यूट थायरॉइडायटिस या आजाराशी बरेच जुळते. स्वित्झर्लंडचे शल्यचिकित्सक फ्रिट्झ द केरव्हाँ यांनी १९०४ मध्ये त्याचे वर्णन केले, म्हणून त्यांच्या नावानेही तो ओळखला जातो. विषाणूजन्य सर्दी-तापानंतर काही आठवड्यांनी तो सुरू होतो, स्त्रियांमध्ये पुरुषांपेक्षा कितीतरी जास्त आढळतो आणि साधारण तिशी ते पन्नाशीच्या वयात दिसतो. २०२० नंतर कोविडपाठोपाठही असे रुग्ण नोंदले गेले आहेत. कानापर्यंत जाणारी कळ आणि एका बाजूकडून दुसऱ्या बाजूला सरकणारे दुखणे ही त्याची ठळक खूण. असे रुग्ण आधी दातांच्या किंवा कान-नाक-घशाच्या डॉक्टरांकडे जातात यात नवल नाही, कारण त्यांची तक्रार तीच असते. अँटिबायोटिकचा या दाहावर उपयोग होत नाही, कारण तो जिवाणूंचा संसर्ग नसतो. जिवाणूंमुळे थायरॉइडमध्ये पू होणे हा वेगळा आणि दुर्मीळ आजार आहे. तो बहुधा लहान मुलांमध्ये, घशातल्या जन्मजात छिद्रमार्गामुळे होतो.

दोन्ही प्रकारांतला फरक केवळ टीएसएचच्या कागदावर दिसत नाही, दोन्हींत तो तळालाच असतो. तो दिसतो ईएसआरमध्ये, जो या दाहात बहुधा ५० च्या वर आणि कधी १०० च्याही वर जातो; आणि शंका उरलीच तर अपटेक स्कॅनमध्ये. ग्रेव्ह्जमध्ये ग्रंथी किरणोत्सारी आयोडीन अधाशासारखे ओढून घेते, दाहात जवळजवळ घेतच नाही. सोनोग्राफीतही ग्रेव्ह्जची ग्रंथी रक्तप्रवाहाने उजळलेली दिसते, तर दाहाच्या ग्रंथीत काळसर, अस्पष्ट कडांचे पट्टे असतात आणि तिथे रक्तप्रवाह कमी असतो. तुमच्या फॅमिली डॉक्टरांना दोष द्यावा असे मला वाटत नाही. दुखणारा थायरॉइड त्यांच्यासमोर वर्षाकाठी एखादाच येत असेल, आणि टीएसएच कमी असलेला कागद मात्र नेहमीच येतो.

काचपट्टी

मी दादरच्या एका पॅथॉलॉजी लॅबमध्ये काम करते. डॉक्टरांनी ईएसआरबद्दल लिहिले आहे, त्याला जोडून लॅबच्या बाजूच्या काही गोष्टी सांगते, कारण कागद हातात आल्यावर लोक फक्त ठळक छापलेल्या आकड्याकडे पाहतात.

ईएसआर ही दाहाची ढोबळ खूण आहे, थायरॉइडची नव्हे. अशक्तपणा म्हणजे हिमोग्लोबिन कमी असेल तरी तो वाढतो, गरोदरपणात वाढतो, टीबीतही वाढतो. म्हणून तो गळ्याच्या दुखण्यासोबतच वाचायचा असतो. सीआरपी ही दाहाचीच दुसरी तपासणी सोबत केली तर अधिक बरे. दुसरे असे की वेदनाशामक किंवा स्टेरॉइड सुरू झाल्यावर रक्त दिले तर आकडा आधीच खाली आलेला असू शकतो, तेव्हा तपासणी औषधाआधी व्हावी. फ्री टी-४ सोबत टी-३ हे थायरॉइडचे दुसरे हार्मोनही तपासले असेल तर दोन्ही आकडे डॉक्टरांना दाखवा. ग्रेव्ह्जमध्ये टी-३ तुलनेने जास्त वाढते, गळतीत टी-४ जास्त दिसते. त्यावरून निदान होत नसले तरी कल दिसतो. टीएसएच रिसेप्टरविरुद्धच्या प्रतिपिंडाची तपासणीही आता होते, आणि ती पॉझिटिव्ह आली तर ग्रेव्ह्जकडे बोट जाते.

आता एक प्रश्न, जो आमच्याकडे क्वचितच कोणी विचारते: ताई केसांसाठी किंवा नखांसाठी काही गोळ्या घेतात का? त्यांत बायोटिन या जीवनसत्त्वाचे प्रमाण फार मोठे असते, कधी कधी १० मिलिग्रॅम. अनेक यंत्रांची चाचणीपद्धत बायोटिनच्याच बंधावर चालते आणि रक्तात ते जास्त असले तर टीएसएच खोटा कमी व टी-४ खोटे जास्त दिसते. म्हणजे कागदावर हुबेहूब हायपरथायरॉइड आणि माणूस ठणठणीत. तुमच्या वर्णनात ताप, दुखणे आणि कंप हे सारे खरेच आहे, त्यामुळे येथे तसे घडले असेल असे मला वाटत नाही, तरीही अशी गोळी चालू असेल तर रक्त देण्याआधी दोन-तीन दिवस ती बंद ठेवावी आणि लॅबला तसे सांगावे.

पुढच्या महिन्यांत तपासण्या पुन्हा कराव्या लागतील. त्या शक्यतो एकाच लॅबमध्ये करा. पद्धत बदलली की मर्यादा बदलतात आणि नसलेली सुधारणा किंवा नसलेला बिघाड दिसू लागतो.

सायनची रहिवासी

मला हाच आजार होऊन गेला आहे, म्हणून रुग्णाच्या बाजूने लिहिते. दुखणे किती असते हे बाहेरून कळत नाही. लोकलमध्ये कोणाच्या ओढणीचा किंवा बॅगच्या पट्ट्याचा गळ्याला नुसता स्पर्श झाला तरी डोळ्यांत पाणी येत असे, आणि घरचे म्हणत की घसाच तर धरला आहे, गुळण्या कर. भांडुपकर, वहिनींना उशीवर कूस बदलताना त्रास होत असेल, तेवढे लक्षात असू द्या.

मला आधी वेदनाशामक गोळ्या दिल्या होत्या. त्या पुरेनात तेव्हा प्रेडनिसोलोन हे स्टेरॉइड सुरू झाले आणि दुसऱ्या दिवशी मी व्यवस्थित गिळू शकले. माझ्या डॉक्टरांनी सांगितले होते की तीन दिवसांत असा उतार पडला नाही तर निदानाचाच पुन्हा विचार करावा लागतो. डोस हळूहळू उतरवत असताना एकदा दुखणे परत आले, मग तो थोडा वाढवून पुन्हा सावकाश उतरवला. असे होऊ शकते, घाबरून जाऊ नये. स्टेरॉइड स्वतःहून एकदम बंद करू नये, हे मात्र मला बजावून सांगितले होते.

खरा गोंधळ त्यानंतर झाला, आणि त्याची आधी कल्पना असती तर बरे झाले असते. धडधड थांबली, वजन सावरले, आता सुटले असे वाटले, तोच थकवा, बद्धकोष्ठ, थंडी वाजणे आणि तोंडावर सूज सुरू झाली. तपासणीत टीएसएच या वेळी वरच्या टोकाला गेलेला. ओळखीतल्या सगळ्यांनी ‘आता जन्माची गोळी’ असे सांगून टाकले. हार्मोनची कमतरता भरून काढायला मला दिलेली गोळी काही महिन्यांनी कमी करत बंद झाली आणि आता टीएसएच गोळीविना ठीक आहे. अंतःस्राव, हे सर्वांच्या बाबतीत होते का?

अंतःस्राव

सर्वांच्या नाही, पण अनेकांच्या बाबतीत होते. साठा गळून संपतो, तोवर टीएसएच दबलेला असल्याने आणि पेशी दुखावलेल्या असल्याने नवे हार्मोन बनत नाही, म्हणून आधी चढ आणि मग उतार येतो. चढाचा काळ साधारण तीन ते सहा आठवडे, त्यानंतरचा उतार काही आठवड्यांपासून काही महिन्यांपर्यंत. ग्रंथीची डागडुजी झाली की बहुतेकांचे कार्य वर्षभरात पूर्ववत होते. साधारण शंभरात ५ ते १५ जणांना मात्र कायमची गोळी लागते.

यातून व्यवहाराची गोष्ट अशी निघते की उताराच्या काळात लेव्होथायरॉक्सिन, म्हणजे थायरॉइड हार्मोनची गोळी, सुरू केले तर ते का सुरू केले हे फाइलवर स्पष्ट लिहून घ्यावे, आणि सहा-आठ महिन्यांनी डोस कमी करून पाहायचा का, असे आवर्जून विचारावे. मी असे रुग्ण पाहतो की ज्यांना कधीकाळी दुखऱ्या गळ्यानंतर ५० मायक्रोग्रॅमची गोळी सुरू झाली आणि दहा वर्षांत ती कशासाठी चालू आहे हे कोणीच पाहिले नाही. याच्या उलट हाशिमोटोच्या आजारात, ज्याचे वर्णन हाकारू हाशिमोटो या जपानी शल्यचिकित्सकाने १९१२ मध्ये केले, ग्रंथी वर्षानुवर्षे न दुखता झिजत जाते, थायरॉइडविरुद्धची अँटी-टीपीओ प्रतिपिंडे वाढलेली असतात आणि तिथे गोळी बहुधा कायमचीच असते. दोन्हींना थायरॉइडायटिस म्हणतात, पण त्यांचा शेवट सारखा होत नाही. बाळंतपणानंतरच्या वर्षात होणारा दाह या दोहोंच्या मधला: तोही चढ-उताराच्या याच वाटेने जातो, पण दुखत नाही, आणि पुढे कायमचे हायपोथायरॉइड (हार्मोन कमी) होण्याचे प्रमाण त्यात जास्त असते.

लालबागकर

भांडुपकरांच्या आईंच्या शंकेबद्दल. आपल्या शहरात मानेला गाठ म्हटले की टीबी मनात येणारच, त्यात चूक नाही. गंडमाळेची गाठ आणि थायरॉइडची गाठ यांत घरच्या घरी काही फरक कळतो का? आणि कांचनार गुग्गुळ गंडमाळेवर देतात असे ऐकून आहे, तो येथे चालेल का?

अंतःस्राव

काही फरक जरूर कळतो. थायरॉइड श्वासनलिकेला चिकटलेली असते, म्हणून पाण्याचा घोट गिळताना ती वर सरकते. लसिकाग्रंथी, ज्यांना आपण गाठी म्हणतो, त्या मानेच्या बाजूला असतात आणि गिळताना हलत नाहीत. टीबीच्या गाठी आठवड्या-महिन्यांत सावकाश वाढतात, एकमेकींना चिकटतात, बहुधा फारशा दुखत नाहीत आणि पुढे मऊ होऊन फुटू शकतात. कानापर्यंत कळ, धडधड आणि तळाला गेलेला टीएसएच हे त्यांचे चित्र नव्हे. पण घरची चाचपणी म्हणजे निदान नव्हे. गाठ लसिकाग्रंथीची वाटली तर सुईने पेशी काढून तपासणी आणि त्याच नमुन्याची, टीबीचे जंतू शोधणारी जीन-एक्सपर्ट चाचणी हाच मार्ग.

आईंची शंका मात्र दुसऱ्या कारणासाठी महत्त्वाची आहे. स्टेरॉइड सुरू करायचे ठरले, तर घरात किंवा शेजारी टीबीचा रुग्ण होता हे डॉक्टरांना आधी सांगा. सुप्त टीबी स्टेरॉइडमुळे डोके वर काढू शकतो. छातीचा एक्स-रे कधी काढला होता, मधुमेह आहे का, हेही सांगा, कारण प्रेडनिसोलोनने साखर वाढते.

कांचनार गुग्गुळाबद्दल: परंपरेत तो गंडमाळ आणि गलगंड यांवर सांगितला आहे हे खरे, पण फुटलेल्या पुटिकांतली गळती त्याने थांबते असे दाखवणारा पुरावा माझ्या पाहण्यात नाही. हा आजार मुळात आपोआप ओसरणारा असल्यामुळे त्या काळात घेतलेल्या कोणत्याही औषधाला श्रेय मिळते, हे ध्यानात ठेवावे. समुद्री शेवाळाच्या, म्हणजे केल्पच्या गोळ्या मात्र निश्चितपणे टाळा. त्यांत आयोडीन बेहिशेबी असते.

भांडुपकर

सर्वांचे मनापासून आभार. ईएसआर ८८ आला आहे. हिमोग्लोबिन आणि पांढऱ्या पेशी ठीक आहेत. केसांच्या गोळ्या ती घेत होती! त्या आता बंद केल्या आहेत आणि टीएसएच पुन्हा करणार आहोत. कार्बिमाझोल थांबवल्याचे फॅमिली डॉक्टरांना फोन करून सांगितले. त्यांनीही एंडोक्रायनॉलॉजिस्टचे म्हणणे मान्य केले. स्कॅन लागलाच तर परळच्या रेडिएशन मेडिसिन सेंटरचे नाव कोणीतरी सुचवले आहे. त्यासाठी काही तयारी लागते का? आणि मिठाचे राहिलेच.

अंतःस्राव

ते सेंटर भाभा अणुसंशोधन केंद्राचे आहे, १९६३ पासूनचे, आणि थायरॉइडच्या कामासाठीच मुख्यतः ओळखले जाते. मात्र इतका ईएसआर आणि इतके ठळक दुखणे असेल तर स्कॅनची गरज बहुधा पडणार नाही. ते तुमचे डॉक्टर ठरवतील. करायचाच झाला तर तीन गोष्टी आधी कळवा: कार्बिमाझोल कधी थांबवले, मागच्या दोन महिन्यांत रंगद्रव्य टोचून सीटी स्कॅन झाला आहे का, आणि गरोदरपणाची शक्यता आहे का. रंगद्रव्यातल्या आयोडीनमुळे स्कॅनचे उत्तर खोटे येते आणि गरोदरपणात हा स्कॅन करत नाहीत.

मीठ नेहमीचेच, आयोडीनयुक्तच ठेवा. स्वयंपाकातल्या मिठातले आयोडीन या दाहाचे कारण नाही आणि ते बंद केल्याने गळती कमी होत नाही. घरात वाढत्या वयाची मुले असतील तर त्यांना ते लागतेच. टीएसएचची पुढची तपासणी फार घाईने करू नका. टी-४ चा अर्धायुकाल सुमारे सात दिवसांचा असतो आणि टीएसएच त्याच्याही मागून रेंगाळत येतो, त्यामुळे बायोटिन बंद केल्यानंतरची एक तपासणी झाली की त्यापुढच्या तपासण्या चार ते सहा आठवड्यांच्या अंतराने पुरेत. मधल्या काळात ताप १०१ च्या वर गेला, गळ्यावरची त्वचा लाल आणि गरम झाली किंवा श्वास घेताना अडथळा वाटला, तर मात्र तारखेची वाट न पाहता त्याच दिवशी दाखवा.